आधी हातात घ्या, मग हवं तर दान करा

बेळगाव तालुक्यातल्या एका निवृत्त शिक्षिकेचं पत्र आलं आहे. नाव, गाव, शाळा यांतलं काहीही इथे देत नाही. जून १९९८ ते मे २०२३ अशी पंचवीस वर्षं त्यांनी एका विनाअनुदानित मराठी प्राथमिक शाळेत शिकवलं. निवृत्तीच्या वेळी मूळ पगार आणि महागाई भत्ता मिळून महिना १८,००० रुपये होते. निरोप समारंभात शाल, श्रीफळ आणि ५१,००० रुपयांचा चेक मिळाला. त्याच दुपारी ऑफिसात बोलावून एका कन्नड कागदावर सही घेतली गेली. पुढे ग्रॅच्युइटीचं विचारलं तेव्हा संस्थेच्या चिटणीसांनी तीन कारणं सांगितली. शिक्षकांना ग्रॅच्युइटी लागू नाही, सुप्रीम कोर्टाचाच तसा निकाल आहे. शाळेत आता आठच माणसं आहेत, त्यामुळे कायदा लागत नाही. आणि दर उन्हाळ्यात सेवा खंडित व्हायची, म्हणून सलग नोकरी धरता येत नाही. मुलगा म्हणतो, कोर्टात जा. बाईंचं मन होत नाही. त्या लिहितात, "मराठी शाळा आधीच कशीबशी तग धरून आहे. मी केस केली तर लोक म्हणतील, मराठीच्या नावावर पोट भरलं आणि शेवटी मराठीवरच उलटली. पैशाची गरज आहे, यजमानांचे माग बंद पडलेत. पण संस्थेविरुद्ध जाणं मला पाप वाटतं. काय करू?"

ताई,

पाप हा शब्द तुम्ही लिहिलात, म्हणून आधी त्याच्याबद्दल बोलते. कायद्याची कलमं नंतर सांगेन, ती तुमच्या बाजूची आहेत. पण तुमचं मन तयार झाल्याशिवाय त्यांचा उपयोग नाही.

तुम्ही संस्थेकडे काही मागताय, अशी तुमची समजूत झाली आहे. जिल्ह्याचा सगळा कारभार कन्नडमधून चालतो, इंग्रजी शाळेच्या पिवळ्या बस गल्लीच्या तोंडाशी येऊन उभ्या राहतात, तशात तुम्ही पंचवीस वर्षं पहिली-दुसरीच्या मुलांना मराठी मुळाक्षरं गिरवायला लावलीत, तीही अपुऱ्या पगारावर. त्या पगारातला एक भाग दर वर्षी मागे राहत गेला. निवृत्तीला तो एकरकमी मिळायचा, तीच ग्रॅच्युइटी. पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही मालकाच्या मर्जीची खैरात नाही, कर्मचाऱ्याने कमावलेली मालमत्ता आहे, असं सुप्रीम कोर्टाने २०१३ साली झारखंड सरकारच्या प्रकरणात स्पष्ट सांगितलं. म्हणजे संस्थेकडे तुमचे पैसे राहिले आहेत आणि तुम्ही ते परत मागताय. किराणा दुकानदाराने उधारी मागितली तर त्याला कुणी पापी म्हणत नाही.

आता मराठीचं. हे तुमचं खरं दुखणं आहे आणि ते मला कळतं. सीमाभागात मराठी शाळा चालवणं किती जिकिरीचं आहे हे इथे राहणाऱ्याला सांगावं लागत नाही. पटसंख्या दर जूनला थोडी घटते आणि शाळेतल्या सगळ्यांनाच पोटात गोळा येतो. पण ही शाळा उभी कुणाच्या जिवावर राहिली? कमिटीने जागा दिली, देणग्या गोळा केल्या, त्यांचंही ऋण आहेच. वर्गात मात्र तुम्ही उभ्या होतात. मराठीसाठी त्याग करायचा तर तो शिक्षिकेनेच का करायचा, आणि तोही तिला न विचारता, तिला वाचताही न येणाऱ्या कागदावर सही घेऊन? त्याग ज्याचा त्याने स्वतःहून करायचा असतो. दुसऱ्याने परस्पर करून टाकला की त्याला त्याग म्हणत नाहीत.

आणखी एक बाजू बघा. तुमच्या शाळेत आज पंचविशी-तिशीतल्या दोन-तीन मुली शिकवत असतील. तुमचं काय झालं ते त्यांनी पाहिलंय. म्हातारपणी हातात शाल आणि नारळच येणार असेल तर त्यांतली हुशार मुलगी संधी मिळताच इंग्रजी शाळेत जाईल, आणि तिला नावं ठेवायचा अधिकार आपल्याला नाही. शिक्षक टिकले तर मराठी शाळा टिकेल. तुमचे पैसे चुकते झाले तर शाळेचं वाईट होईल, हे गृहीतच मला पटत नाही.

आता चिटणीसांची तीन कारणं घेऊ. एकेका कारणात थोडंफार तथ्य आहे, म्हणूनच ती ऐकणाऱ्याला खरी वाटतात.

शिक्षकांना ग्रॅच्युइटी नाही असा सुप्रीम कोर्टाचा निकाल होता, हे खरं. अहमदाबादच्या खासगी प्राथमिक शिक्षकांच्या संघटनेच्या प्रकरणात २००४ साली कोर्टाने म्हटलं की १९७२ च्या ग्रॅच्युइटी कायद्यात 'कर्मचारी' या शब्दाची जी व्याख्या आहे, तिच्यात शिक्षक बसत नाहीत. कुशल, अकुशल, कारकुनी, देखरेखीचं अशी कामं त्या व्याख्येत होती आणि शिकवणं त्यांपैकी कशातच मोडत नाही, असा तो अर्थ. कायदा दुरुस्त करायचा तर संसदेने करावा, असंही कोर्टाने सुचवलं. संसदेने २००९ साली तसंच केलं. व्याख्या बदलली आणि ती मागे जाऊन ३ एप्रिल १९९७ पासून लागू केली. तीच तारीख का, तर त्या दिवशीच्या अधिसूचनेने दहा किंवा जास्त माणसं कामाला असलेल्या शिक्षणसंस्था या कायद्याखाली आणल्या होत्या. खासगी शाळांच्या संघटना या दुरुस्तीविरुद्ध पुन्हा सुप्रीम कोर्टात गेल्या. मागच्या तारखेपासूनचा बोजा आम्ही कुठून सोसायचा, असं त्यांचं म्हणणं होतं. २९ ऑगस्ट २०२२ रोजी कोर्टाने त्यांचं म्हणणं फेटाळलं, दुरुस्ती वैध ठरवली आणि शाळांनी सहा आठवड्यांत व्याजासह पैसे द्यावेत असं सांगितलं. तुम्ही निवृत्त झालात मे २०२३ मध्ये. त्याआधी नऊ महिने हा वाद कायमचा मिटला होता. चिटणीसांनी तुम्हाला मुद्दाम खोटं सांगितलं असं मी म्हणणार नाही, अर्धीच गोष्ट ऐकून ती वर्षानुवर्षं सांगणारी माणसं पुष्कळ असतात. पण उरलेली अर्धी आता तुम्ही त्यांना सांगू शकता, तारखेसकट. तुमची नोकरी सुरू झाली १९९८ मध्ये, म्हणजे १९९७ च्या आधीची वर्षं धरायची की नाही हा प्रश्नही तुमच्या बाबतीत नाही. सगळीच्या सगळी पंचवीस वर्षं धरली जातील.

दुसरं कारण, माणसं आठच. दहा माणसं मोजायची ती फक्त शिक्षकांची नाही. शिपाई, आया, कारकून, रिक्षावाला पगारावर असेल तर तोही, सगळे धरायचे. आणि कायदा एकदा लागू झाला की पुढे माणसं दहाच्या खाली आली तरी तो लागूच राहतो, तसं कलमच आहे. पटसंख्या भरपूर होती तेव्हा तुमच्या शाळेत बारा-तेरा माणसं होती, हे तुम्हीच लिहिलंय. ते सिद्ध करायला फार लांब जावं लागणार नाही. शाळा दर वर्षी यू-डायसची, म्हणजे सरकारच्या शाळा-नोंदणीची, माहिती भरते, तिच्यात शिक्षकांची नोंद असते. क्षेत्र शिक्षणाधिकाऱ्यांच्या कार्यालयात मान्यता नूतनीकरणासाठी दिलेल्या याद्या असतात, त्या माहिती अधिकारात मागता येतात. आणि दर वर्षी २६ जानेवारीला किंवा स्नेहसंमेलनाला काढलेला सगळ्या स्टाफचा फोटो तुमच्या कपाटात असेलच. तो जपून ठेवा.

तिसरं कारण मला सगळ्यात जास्त खटकलं. एप्रिलमध्ये कार्यमुक्त करायचं आणि जूनमध्ये नवी ऑर्डर द्यायची, ही बऱ्याच विनाअनुदानित शाळांची रीत आहे. सुट्टीचा पगार वाचतो आणि पुढे सेवा तुटली म्हणता येतं. पण रजा, किंवा कर्मचाऱ्याचा दोष नसताना बंद राहिलेलं काम यामुळे सेवा खंडित होत नाही, असं कायदा सांगतो. उन्हाळी सुट्टी काही तुम्ही लावली नव्हती. शिवाय वर्षात २४० दिवस काम भरलं तर ते वर्ष सलग सेवेचं धरतात, ही वेगळी तरतूद आहेच. आणि ताई, तुमच्याच पत्रात एक ओळ आहे, जी तुम्ही सहज लिहून गेलात: मे महिन्याच्या उन्हात तुम्ही सगळ्या जणी गल्लोगल्ली फिरून पहिलीत मुलं दाखल करून घ्यायचात. म्हणजे ज्या महिन्यात तुमची सेवा 'खंडित' होती, त्या महिन्यात तुम्ही शाळेचंच काम करत होतात. त्या प्रवेशाच्या वह्या, तुमच्या हातच्या याद्या, पालकांना दिलेल्या चिठ्ठ्या, जे सापडेल ते काढा. ज्या पालकांच्या घरी गेलात त्यांतले दोघे-तिघे तसं लिहून द्यायला तयार होतील. असा पुरावा वकिलालासुद्धा सुचणार नाही, तो तुमच्याकडेच आहे.

आता त्या सहीचं. कागदाचा फोटो पाठवलात ते बरं केलंत. कन्नड वाचणाऱ्या एका विश्वासू माणसाकडून मी तो शब्दशः वाचून घेतला. वर संस्थेचा शिक्का, मध्ये टाईप केलेला मजकूर, रकमेची जागा रिकामी सोडून नंतर पेनाने भरलेली, खाली रेव्हेन्यू तिकीट आणि त्याच्या कडेवरून बाहेर गेलेली तुमची सही. मजकुरात दोन गोष्टी आहेत. पहिली, ५१,००० रुपये 'सन्मानधन' म्हणून मिळाले. दुसरी, आता संस्थेकडून मला काहीही येणं बाकी नाही.

दुसऱ्या वाक्याने तुम्ही घाबरलात, पण पहिलं वाक्य तुमच्या जास्त कामाचं आहे. संस्थेने स्वतःच्या कागदावर स्वतःच्या शिक्क्याखाली त्या रकमेला सन्मानधन म्हटलंय. उद्या तीच रक्कम ग्रॅच्युइटी होती असं म्हणणं त्यांना सोपं जाणार नाही. राहिलं दुसरं वाक्य. ग्रॅच्युइटी कायद्याशी विसंगत असा कोणताही करार किंवा लेख कायद्यापुढे टिकत नाही, असं त्याचं चौदावं कलम सांगतं. त्यामुळे 'काही बाकी नाही' एवढ्या एका ओळीने तुमचा हक्क संपत नाही. कागद न समजता सही केली हेही तुमच्या अर्जात जरूर लिहा, सरळ शब्दांत, कुणावर आरोप न करता. आणि यापुढे ज्या भाषेतला मजकूर नीट वाचता येत नाही त्यावर, कितीही ओळखीच्या माणसाने पुढे केला तरी, घरी नेऊन वाचून घेतल्याशिवाय सही करू नका. आपल्या भागात हे सगळ्यांनीच पाळायला हवं. कन्नड कागदाला घाबरून सही करणारे आणि लाजेने सही करणारे, दोघांचंही नुकसान मी पाहिलेलं आहे.

रक्कम किती, हे तुम्ही विचारलं नाहीत, पण आकडा समोर असला की मन स्थिर होतं. शेवटचा मूळ पगार अधिक महागाई भत्ता, त्याला २६ ने भागायचं, १५ ने गुणायचं, मग नोकरीच्या वर्षांनी गुणायचं. महिन्याचे दिवस ३० न धरता कामाचे २६ धरायचे. घरभाडं, बोनस, ओव्हरटाइम यात येत नाही. शेवटच्या वर्षी सहा महिन्यांहून जास्त काम झालं असेल तर ते पूर्ण वर्ष धरतात. तुमच्या बाबतीत १८,००० भागिले २६, गुणिले १५, गुणिले २५, म्हणजे २,५९,६१५ रुपये. तीस दिवसांत पैसे दिले नाहीत तर व्याज द्यावं लागतं, साधं व्याज, दर साल दहा टक्के. वर्षाला २५,९६१ रुपये झाले. नुसत्या पहिल्या अडीच वर्षांचं व्याजच ६५,००० च्या जवळ जातं. हे व्याज माफ करणं मालकाच्या मर्जीवर नाही. कर्नाटकातल्याच एका सरकारी महामंडळाच्या कर्मचाऱ्याच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने २००३ साली ते बंधनकारक असल्याचं सांगितलं. उशीर कर्मचाऱ्याच्या चुकीमुळे झाला आणि त्यासाठी मालकाने आधी लेखी परवानगी घेतली, असं असेल तरच सूट आहे.

"मी वेळेत अर्ज केला नाही, आता उशीर झाला का," असं तुम्ही शेवटी बारीक अक्षरात विचारलंय. नाही झाला. रक्कम ठरवून कळवायची जबाबदारी मालकाची आहे, कर्मचाऱ्याने अर्ज केला असो वा नसो. कर्मचाऱ्याने साधारण तीस दिवसांत अर्ज करावा असं नियमात आहे, पण केवळ मुदत उलटली म्हणून हक्क बुडत नाही, हेही त्याच नियमात आहे. उशिराचं कारण लिहायचं. लागूच नाही असं संस्थेने सांगितलं होतं, हे पुरेसं कारण आहे.

आता पुढे काय करायचं. मुलगा कोर्ट कोर्ट म्हणतोय आणि तुमच्या डोळ्यांपुढे काळे कोट, तारखा आणि दहा वर्षं येतायत. ग्रॅच्युइटीचा वाद दिवाणी कोर्टात चालतच नाही. तो नियंत्रक प्राधिकाऱ्यापुढे चालतो, म्हणजे कामगार खात्याच्या सहाय्यक आयुक्त दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे. साधा अर्ज, दोन्ही बाजूंचं म्हणणं, कागद, मग आदेश. वकील असलाच पाहिजे असं नाही. पण तिथे जायच्या आधी दोन पायऱ्या आहेत आणि त्या गाळू नका.

पहिली पायरी, संस्थेच्या अध्यक्षांना भेटा. चिटणीसांना नको, त्यांनी आपलं मत सांगून झालंय. एकट्या जाऊ नका. तुमच्याबरोबर शिकवलेली एखादी निवृत्त बाई किंवा गावातला दोन्हीकडे मान असलेला माणूस बरोबर घ्या. मुलाला पहिल्या भेटीला नेऊ नका, त्याचा राग समजण्यासारखा आहे, पण त्या खोलीत त्याचा उपयोग होणार नाही. आणि गावच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर यातलं एक अक्षर टाकू नये हे त्याला निक्षून सांगा. अध्यक्षांना सांगायचं, माझा हिशेब असा आहे, २०२२ चा निकाल असा आहे, संस्थेची अडचण मला माहीत आहे, एकदम जमत नसेल तर हप्ते करून द्या. लहान शाळेला अडीच-तीन लाख एकदम काढणं जड जातं, हे मी मान्य करते. सहा किंवा आठ हप्ते, प्रत्येकाची तारीख, पुढच्या तारखांचे चेक, आणि हे सगळं लेखी. तोंडी "बघू, दिवाळीनंतर" यावर उठून येऊ नका.

दुसरी पायरी, त्याच आठवड्यात लेखी अर्ज. यासाठी नमुना 'आय' असतो. त्यात फार काही नाही: नाव, पत्ता, हुद्दा, नोकरी लागल्याची तारीख, सुटल्याची तारीख आणि कारण, एकूण सेवा, शेवटचा पगार, मागितलेली रक्कम. इंग्रजीत किंवा कन्नडमध्ये भरा आणि सोबत मराठीत आपलं एक पानी पत्र जोडा. अध्यक्षांशी बोलणं चांगलं झालं तरीही हा अर्ज द्याच. चांगल्या बोलण्याला कागदाची जोड असली की ते टिकतं. स्पीड पोस्टाने पाठवा, पोहोचल्याचा पुरावा ठेवा.

महिनाभरात उत्तर नाही आलं, किंवा नकार आला, तर तिसरी पायरी: नमुना 'एन' मध्ये नियंत्रक प्राधिकाऱ्याकडे अर्ज. याची मुदत नव्वद दिवसांची असते, उशिराला सबळ कारण असेल तर त्यानंतरही घेतात, पण ती चुकवू नका. इथे सीमाभागातल्या सगळ्यांनी एक गोष्ट ध्यानात ठेवायला हवी. ज्या संस्थेच्या शाखा एकाच राज्यात आहेत तिच्यासाठी राज्याचं कामगार खातं, म्हणजे तुमच्यासाठी बेळगावातलं कार्यालय. पण शाखा दोन राज्यांत असतील तर प्रकरण केंद्र सरकारच्या कामगार यंत्रणेकडे जातं. आपल्याकडे निपाणीत कारखाना आणि कागलला गोदाम, खानापूरला एक शाळा आणि चंदगडला दुसरी, असं सर्रास असतं. तुम्ही संस्थेच्या 'दुसऱ्या शाळेचा' उल्लेख केलाय, ती कुठे आहे ते लिहिलेलं नाही. ती हद्दीपलीकडे महाराष्ट्रात असेल तर अर्ज देण्याआधी हा मुद्दा कार्यालयात विचारून घ्या. चुकीच्या दारात वर्ष घालवून परत फिरलेली माणसं आहेत.

आदेश तुमच्या बाजूने झाला आणि संस्थेला अपील करायचं असेल तर साठ दिवसांत करावं लागतं, सबळ कारण असेल तर आणखी साठ. आणि अपिलाआधी ग्रॅच्युइटीची रक्कम जमा करावी लागते. पैसे न भरता नुसतं लांबवत राहायची सोय कायद्याने ठेवलेली नाही. त्यापुढे उच्च न्यायालय, आपल्यासाठी धारवाडचं खंडपीठ. बहुतेक लहान संस्था तिथवर जात नाहीत, पहिल्या नोटिशीनंतरच बोलणी सुरू होतात. आदेशानंतरही पैसे दिले नाहीत तर प्राधिकारी जिल्हाधिकाऱ्यांकडे वसुलीचा दाखला पाठवतात आणि जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते. तिथवर जाऊ नये अशीच माझी इच्छा आहे, तुमच्यासाठी आणि शाळेसाठीही. म्हणून वरच्या दोन पायऱ्यांवर एवढा वेळ घालवला. सुनावणी चालू असतानाही तडजोड करता येते, आणि प्राधिकाऱ्यांपुढे लिहून झालेली तडजोड चहा पिता पिता झालेल्या तडजोडीपेक्षा पक्की असते.

तुमच्या मनातला चौथा पर्यायही मला दिसतो: सोडून द्यावं. तुमची परिस्थिती उत्तम असती, तर मी तुम्हाला अडवलं नसतं. पण घरात माग बंद आहेत, औषधांचा खर्च तुम्ही लिहिलाय. तरीही शाळेला काही द्यावं असं मनापासून वाटत असेल, तर आधी पूर्ण रक्कम आपल्या खात्यात घ्या. मग त्यातून जेवढी झेपेल तेवढी देणगी चेकने द्या आणि पावती घ्या. पहिलीच्या वर्गाला बाकं द्या, वाचनालयाला पुस्तकं द्या. ती तुमच्या नावाने, तुमच्या इच्छेने दिलेली असेल. आज जे झालंय त्यात तुमची इच्छा कुणी विचारलेलीच नाही.

अध्यक्षांशी बोलताना आणखी एक सुचवा, ते मागणीपेक्षा मदत म्हणून ऐकलं जाईल. कर्नाटक सरकारने जानेवारी २०२४ मध्ये ग्रॅच्युइटीसाठी सक्तीच्या विम्याचे नियम केले आहेत. मालकाने कर्मचाऱ्यांचा ग्रॅच्युइटी विमा काढायचा, वर्षाला हप्ता भरायचा, माणूस निवृत्त झाला की विमा कंपनी पैसे देते. तुमच्यानंतरच्या बायकांसाठी संस्थेने हे केलं तर कुणाच्या निवृत्तीला तिजोरी उपसावी लागणार नाही.

इतर वाचकांसाठी थोडं, कारण अशी पत्रं आणखीही येतात. अंगणवाडी सेविका आणि मदतनीस यांनाही ग्रॅच्युइटी कायदा लागू आहे, असा निकाल सुप्रीम कोर्टाने एप्रिल २०२२ मध्ये दिला आहे. चिकोडी, अथणी, हुक्केरी भागातल्या साखर कारखान्यांत फक्त हंगामापुरतं काम करणाऱ्यांना प्रत्येक हंगामाला सात दिवसांचा पगार या हिशेबाने मिळते. कामावर असताना मृत्यू झाला किंवा अपंगत्व आलं तर किमान पाच वर्षांच्या नोकरीची अट नाही, म्हणून वारसाचं नाव वेळेत भरून ठेवा. पतसंस्थेतल्या कारकुनापासून उद्यमबागच्या फौंड्रीतल्या मोल्डरपर्यंत, दहा माणसांच्या आस्थापनेत पाच वर्षं काढलेल्या कुणालाही १९७२ च्या कायद्याखाली हिशेब वर सांगितला तोच. कायद्याने मिळणारी रक्कम जास्तीत जास्त वीस लाख आहे, मालकाला जास्त द्यायची तर मोकळीक आहे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली असून १९७२ च्या कायद्याची जागा तिने घेतली आहे. मुदतीच्या करारावर काम करणाऱ्यांना तिच्यात एका वर्षानंतरही ग्रॅच्युइटीचा हक्क दिला आहे. ताई, तुम्ही त्याआधीच निवृत्त झालात, म्हणून तुमचा हक्क जुन्या कायद्याखालचा आहे. फक्त अर्ज देताना सध्या कोणता नमुना घेतात ते कार्यालयात विचारा.

आणि खर्चाची काळजी करू नका. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यानुसार स्त्रीला, तिचं उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. बेळगावात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात जायचं आणि कागद दाखवायचे. जाताना नेमणुकीची पत्रं, दर जूनच्या नव्या ऑर्डरी, पगाराच्या नोंदी किंवा पासबुक, पी.एफ. कापला असेल तर त्याचं पासबुक, तो सन्मानधनाचा कागद आणि स्टाफचे फोटो, सगळ्यांच्या दोन-दोन झेरॉक्स न्या. मूळ कागद कुणालाही देऊ नका, अगदी मला पाठवायचे असले तरी फोटोच पाठवा. अध्यक्षांची भेट झाली की काय बोलणं झालं ते कळवा. हप्त्यांचा कागद केला असेल तर सही करण्याआधी मला दाखवा, मी तो त्याच विश्वासू माणसाकडून वाचून घेईन.